बीज कुणाचं, दोष कुणाचा?

(वस्तीपातळीवर काम करणाऱ्या कार्यकर्त्या आणि अंगणवाडी सेविका यांच्या शिबिरात केलेल्या भाषणाचे शब्दांकन)



मला कळवलेला विषय असा होता : 'मुलांचा मानसिक विकास : जन्मजात किती, परिस्थितीमुळे किती?' कार्यक्रमपत्रिकेत तो तसाच छापलाय. पण वस्तीत काम करताना हा प्रश्न या शब्दांत कुणी विचारत नाही. चार वर्षांचं पोर बोलत नाही, म्हणून घरातले समुपदेशन केंद्रात येतात. सासू सुनेकडे बोट करून म्हणते, "ताई, हिच्या माहेरीच असं आहे. हिच्या मामाचं बघा ना." नवरा म्हणतो, "दिवसभर घरात असते, पोराशी चार शब्द बोलायला काय जातं हिचं?" म्हणजे सासूचं मत जन्मजात, नवऱ्याचं मत परिस्थिती. शास्त्रज्ञांमध्ये शंभर वर्षं चाललेला वाद एका बाकावर बसलेला असतो, आणि दोन्ही पक्षांचा आरोपी एकच असतो, पदराचं टोक बोटाला गुंडाळत खाली बघत बसलेली ती बाई.

त्या बाकावरून उठून जरा मागे जाऊ. मानवशास्त्रज्ञ लीला दुबे यांनी १९८६ साली 'बीज आणि भूमी' या कल्पनेवर एक निबंध लिहिला. पुरुष बीज देतो, स्त्री म्हणजे शेत. पीक कुठलं येणार हे बीज ठरवतं, शेताने फक्त ते पोसायचं, आणि आलेल्या पिकावर हक्क बीजवाल्याचा. ही कल्पना आपल्याकडे धर्मग्रंथांपासून रोजच्या बोलण्यापर्यंत किती मुरली आहे आणि तिच्या आधारावर मुलांवरचा, जमिनीवरचा, बाईच्या श्रमावरचा पुरुषाचा हक्क कसा उभा राहतो, हे त्यांनी दाखवलं. मी त्यात आपल्या रोजच्या अनुभवातली एकच भर घालते. पीक चांगलं आलं तर ते बीजाचं, बुडालं तर ते शेताचं. पोरगा पहिला आला की 'कुणाचा मुलगा आहे!' नापास झाला की 'आईचं लक्ष नाही.' 'खाण तशी माती' ही म्हण बापाला लावलेली तुम्ही कधी ऐकलीत का? मी तरी नाही ऐकली.

आता जीवशास्त्र काय म्हणतं ते बघू. मुलाच्या पेशीत ४६ गुणसूत्रं असतात, २३ आईकडून, २३ बापाकडून. मुलगा की मुलगी हे बापाच्या शुक्रपेशीवर ठरतं, हे आपण गर्भलिंगनिदानाच्या विरोधातल्या प्रत्येक सभेत सांगत आलोय. पुढची गोष्ट मात्र फारशी सांगितली जात नाही. २०१२ साली आइसलंडमध्ये झालेल्या एका अभ्यासात दिसलं की मुलात जे नवे जनुकीय बदल होतात, त्यांची संख्या मुख्यतः बापाच्या वयावर अवलंबून असते. बापाचं वय एका वर्षाने वाढलं की साधारण दोन नवे बदल जास्त. त्यातले बहुतेक निरुपद्रवी असतात, काही नसतात. म्हणून उद्या 'सगळा दोष बापाचा' अशी फलकं रंगवावीत असं मी म्हणत नाही. एवढंच म्हणते की बाकावर बसायचंच असेल तर दोघांनी बसावं.

शास्त्रज्ञही या खोडीतून सुटलेले नाहीत. ऑटिझम, ज्याला आपण स्वमग्नता म्हणतो, त्याचं सविस्तर वर्णन लिओ कॅनर या डॉक्टरांनी १९४३ साली अमेरिकेत केलं. अशा मुलांचे आईबाप थंड, कोरडे असतात असंही त्यांनी नोंदवलं, आणि लवकरच त्या 'आईबापां'तला बाप गळून पडला. 'बर्फासारखी थंड आई' हे ऑटिझमचं कारण म्हणून मानलं जाऊ लागलं. १९४८ मध्ये एका मनोविश्लेषक बाईंनी 'स्किझोफ्रेनिया निर्माण करणारी आई' असा शब्दप्रयोग रूढ केला. हो, बाईंनीच. ब्रुनो बेटलहाइमने १९६७ साली आख्खं पुस्तक लिहून ऑटिस्टिक मुलाच्या घराची तुलना छळछावणीशी केली. त्या काळात किती आयांनी स्वतःला आपल्या मुलाची मारेकरी समजून आयुष्य काढलं असेल!

ही गोष्ट आधी मोडली एका बापाने. बर्नार्ड रिमलंड मानसशास्त्रज्ञ होते, त्यांचा मुलगा ऑटिस्टिक होता, आणि आपली बायको थंड नाही हे त्यांना घरातच दिसत होतं. १९६४ च्या पुस्तकात त्यांनी मांडलं की या अवस्थेचं मूळ मेंदूच्या घडणीत आहे. पुढे १९७७ मध्ये फोल्स्टाइन आणि रटर यांनी जुळ्यांच्या एकवीस जोड्या अभ्यासल्या. एकाच बीजांडापासून झालेल्या अकरा जोड्यांपैकी चारांमध्ये दोन्ही मुलं ऑटिस्टिक होती, वेगवेगळ्या बीजांडांच्या दहा जोड्यांत एकही नाही. अभ्यास लहान होता, पण आनुवंशिकतेचा वाटा त्याने समोर आणला आणि नंतरच्या मोठ्या अभ्यासांनी तो पक्का केला.

मग आई सुटली का? नाही. आता तिच्या माहेरची वंशावळ काढतात, तिने गरोदरपणी काय खाल्लं ते विचारतात, मोबाईल का दिला ते विचारतात. आपल्याकडे तर ग्रहणात भाजी चिरली म्हणून ओठ फाटला हे अजून सांगतात. आणि शिकलेल्या घरांत त्याच ग्रहणाची सुधारून वाढवलेली आवृत्ती म्हणजे गर्भसंस्कारांचे वर्ग. पैसे भरून गरोदर बाईने मंद संगीत ऐकायचं, सुंदर चित्रं बघायची, मनात वाईट विचार आणायचा नाही. पाण्याचा हंडा कोण भरणार, सासऱ्यांचा राग कोण सोसणार, याचा वर्ग कुठे नसतो.

तर 'जन्मजात की परिस्थिती' हा प्रश्न मला चुकीचा का वाटतो ते एका आजाराच्या उदाहरणाने सांगते. काही बाळांची थायरॉईड ग्रंथी जन्मतः नीट झालेली नसते किंवा काम करत नाही. जन्मल्यावर बाळ अगदी छान दिसतं. थोडं जास्त झोपतं, कमी रडतं. सगळे म्हणतात, किती शहाणं बाळ! पण त्या ग्रंथीच्या संप्रेरकाशिवाय मेंदू वाढत नाही. पहिल्या काही आठवड्यांत उपचार मिळाले नाहीत तर मूल कायमचं मतिमंद होऊ शकतं. (हा शब्द आता आपण वापरत नाही, बौद्धिक अक्षमता म्हणतो. पण वस्तीत कागदावर अजून तोच येतो.) निदानाला काय लागतं? टाचेतून काढलेलं रक्त. उपचाराला काय लागतं? रोज एक स्वस्त गोळी. वेळेवर गोळी सुरू झालेली बहुतेक मुलं इतरांसारखीच शाळेत जातात.

आता सांगा, हे मूल मागे पडलं तर कारण काय? ग्रंथी जन्मजात आहे, खरं. पण त्याच ग्रंथीचं मूल तपासणी होणाऱ्या रुग्णालयात जन्मलं तर डॉक्टर होईल, आणि तपासणी न होणाऱ्या ठिकाणी जन्मलं तर त्याला आयुष्यभर धरून चालवावं लागेल. इथे निसर्ग कुठे संपला आणि आरोग्यखातं कुठे सुरू झालं? अशी रेषा काढताच येत नाही. जनुकं आणि परिस्थिती या दोन वेगळ्या पिशव्या नाहीत, पहिल्या दिवसापासून त्या एकमेकींत गुंतलेल्या असतात.

आयोडीनचंही तेच. हिमालयाच्या पायथ्याच्या पट्ट्यात गलगंड आणि बौद्धिक मांद्य पिढ्यान्‌पिढ्या दिसत होतं, आणि पिढ्यान्‌पिढ्या दिसतं म्हटल्यावर लोक ते रक्तातलं समजत. १९५६ पासून डॉ. रामलिंगस्वामी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी कांगडा खोऱ्यात आयोडीनयुक्त मीठ देऊन दाखवलं की गलगंड हटतो. १९६२ मध्ये राष्ट्रीय कार्यक्रम सुरू झाला. 'रक्तातलं' म्हणून सोडून दिलेली गोष्ट मिठाची निघाली.

आणि लोह? राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या पाचव्या फेरीत, म्हणजे २०१९–२१ मध्ये, महाराष्ट्रातल्या १५ ते ४९ वयाच्या ५४ टक्के बायांमध्ये रक्तक्षय आढळला, आणि सहा महिने ते पाच वर्षांच्या मुलांमध्ये जवळजवळ ६९ टक्के. लोह कमी पडलं की बाळाच्या मेंदूच्या वाढीवर परिणाम होतो, ते मलूल राहतं, शिकण्यात मागे पडतं. शेवटी जेवणारी बाई आणि तिच्या पोटातलं बाळ यांच्यामधली ही गोष्ट तुम्हाला मी काय सांगायची! ताटात उरलेली आमटी हेही जीवशास्त्रच आहे.

आता मनाकडे येते. शास्त्रात इथे उंदरांचे प्रयोग फार प्रसिद्ध आहेत. मॉन्ट्रियलच्या मॅकगिल विद्यापीठात मायकेल मीनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी पाहिलं की काही उंदीर-आया पिल्लांना खूप चाटतात, काही कमी. जास्त चाटलेली पिल्लं मोठेपणी ताण बरा सोसतात. कमी चाटणाऱ्या आईची पिल्लं जास्त चाटणाऱ्या आईकडे दिली तर तीही तशीच धीट होतात. म्हणजे आईकडून आलेली जनुकं तीच, पण संगोपनाने ती किती काम करतील हे बदललं. २००४ मध्ये हे रासायनिक पातळीवरही त्यांनी दाखवलं. शोध मोठाच होता. पण वर्तमानपत्रांतून तो आपल्यापर्यंत कसा आला? 'आईच्या मायेने जनुकं बदलतात'. झालं! पुन्हा आई.

याच्या जोडीला दुसरा प्रयोग सांगितला जात नाही, म्हणून मी मुद्दाम सांगते. कॅलिफोर्नियात टॅली बॅरम या शास्त्रज्ञ बाईंनी उंदीर-आईच्या पिंजऱ्यातलं घरट्याचं सामान कमी केलं. भुसा, कापूस, जे काही अंथरायला असतं, ते अगदी थोडं ठेवलं. बाकी काही नाही. आई तीच, पिल्लं तीच, खायला भरपूर. पण आई सैरभैर झाली. पिल्लांजवळ यायची, अर्धवट सोडून जायची, पुन्हा यायची. पिल्लांना मिळणारा एकूण वेळ फारसा घटला नव्हता, पण त्यातली लय मोडली होती. त्या पिल्लांच्या स्मरणशक्तीवर आणि भावनांवर पुढे परिणाम दिसले. मला हा प्रयोग वाचताना आपल्या वस्तीतल्या दहा बाय दहाच्या खोल्या आठवल्या. उंदरिणीला वाईट आई ठरवण्याआधी तिचा पिंजरा तपासावा, इतकं शहाणपण प्रयोगशाळेत आहे. आपल्या बालरोग विभागांत ते नेहमी असतंच असं नाही. एका रुग्णालयात माझ्यासमोर डॉक्टरांनी एका घरकामगार बाईला विचारलं, "मुलाला वेळ देत नाही का?" ती पाच घरची धुणीभांडी करत होती. शेजारी उभ्या असलेल्या बापाला त्यांनी काहीच विचारलं नाही. तो खिडकीबाहेर बघत होता.

ऊसतोडीच्या मुलांचं बघा. बीडकडून दिवाळीच्या सुमाराला टोळ्या निघतात, कारखान्याच्या फडावर पाच-सहा महिने कोपीत राहतात. नवरा-बायको मिळून एक 'कोयता', आणि उचल घेतलेली असते ती त्या जोडीच्या नावावर. पहाटे अंधारात आई फडात. तान्हं बाळ बांधावर नाहीतर कोपीत, आणि त्याला सांभाळायला आठ-नऊ वर्षांची बहीण. इथे एका आईच्या मायेचं काय मोजमाप काढणार? दोन मुलांचं बालपण एकाच वेळी चाललंय, बाळाचं आणि ते सांभाळणाऱ्या पोरीचं. त्या पोरीच्या मनाबद्दल कुणी विचारत नाही, कारण ती त्रास देत नाही. आपल्याकडे शांत मुलगी ही कधीच 'केस' होत नाही, हे लक्षात ठेवा. मुलगा दगड मारतो म्हणून आणला जातो. मुलगी गप्प झाली तर 'शहाणी झाली' म्हणतात.

घरातल्या मारहाणीबद्दल बोलायलाच हवं. त्याच पाहणीत महाराष्ट्रातल्या लग्न झालेल्या चारांतल्या एका बाईने नवऱ्याकडून हिंसा झाल्याचं सांगितलं. न सांगणाऱ्या वेगळ्या. १९९८ साली अमेरिकेत सॅन डिएगोजवळ प्रौढांचा एक मोठा अभ्यास प्रसिद्ध झाला, लहानपणीचे वाईट अनुभव आणि मोठेपणीचं आरोग्य यांविषयी. त्यातल्या प्रश्नांपैकी एक होता, 'तुमच्या आईला मारहाण होत असे का?' लक्षात घ्या, मुलाला मारलं का हा वेगळा प्रश्न, हा आईच्या माराचा. असे अनुभव जितके जास्त, तितकं मोठेपणी नैराश्य, व्यसन, आत्महत्येचा प्रयत्न, अगदी हृदयविकारही जास्त. रोज रात्री काय होईल या धास्तीत जगणाऱ्या मुलाचं शरीर सतत पळण्याच्या तयारीत असतं. वर्गात त्याचं लक्ष फळ्यावर नसतं, दाराकडे असतं.

इथे दोन गोष्टींची काळजी घेऊ या. एक, 'बाईला मारू नका, मुलाच्या मेंदूवर परिणाम होतो' असं आपण पोस्टरवर लिहायचं नाही. बाईला मारू नका, कारण ती माणूस आहे. २००५ चा कौटुंबिक हिंसाचाराविरोधी कायदा तिच्यासाठी आहे, तिला मूल असो वा नसो. दुसरं, अशा घरातल्या मुलावर 'हा बिघडणारच' असा शिक्का मारायचा नाही. हे आकडे हजारो माणसांच्या सरासरीचे असतात, एका पोराचं भविष्य सांगणारी ती पत्रिका नव्हे.

याला आधार आहे. हवाईच्या कौआई बेटावर १९५५ साली जन्मलेल्या ६९८ मुलांचा एमी वर्नर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी चाळीस वर्षं मागोवा घेतला. गरिबी, घरातली भांडणं, आईबापांचे आजार अशा अनेक अडचणी ज्यांच्या वाट्याला एकदम आल्या, त्या मुलांपैकी साधारण तिसरा हिस्सा चांगला, आत्मविश्वासाने जगणारा निघाला. त्यांच्या आयुष्यात काय होतं? मूळचा स्वभाव होता, आणि एक तरी माणूस होतं धरून ठेवणारं. ते आईबापच असायला हवेत असं नव्हतं. आजी, मावशी, शेजारीण, शिक्षिका. मला वाटतं, आपल्यातल्या कित्येकजणी कुणाच्या तरी आयुष्यात ते एक माणूस आहेत, फक्त आपल्या अहवालात त्याला रकाना नाही.

रुमानियाची गोष्ट थोडी सविस्तर सांगते, कारण ती आपल्या चळवळीचीच गोष्ट आहे. तिथे चाउशेस्कूच्या राजवटीने १९६६ मध्ये गर्भपातावर बंदी आणली. देशाला कामगार हवे होते, म्हणून बायांनी मुलं जन्माला घालायची. घातली. पण वाढवायला घरात ना अन्न, ना मदत. मुलं सरकारी अनाथालयांत गेली. १९८९ च्या डिसेंबरात राजवट कोसळली तेव्हा लाखाच्या वर मुलं त्या संस्थांत आढळली. रांगेने खाटा, एका बाईकडे कितीतरी मुलं, रडलं तरी कुणी येत नाही, मग रडणंही बंद. अन्न मिळालेली मुलंसुद्धा वाढत नव्हती, बोलत नव्हती, स्वतःला झुलवत बसायची.

२००० साली बुखारेस्टमध्ये नेल्सन, फॉक्स आणि झीना या संशोधकांनी अडीच वर्षांच्या आतबाहेरच्या १३६ मुलांपैकी अर्ध्यांना चिठ्ठी टाकल्यासारखं निवडून सांभाळणाऱ्या घरांत पाठवलं. दोन वर्षांच्या आत घरी गेलेल्या मुलांची बुद्धी, भाषा, माणसांशी नातं जोडण्याची ताकद, सगळं अधिक सावरलं. मेंदूच्या विद्युतलहरींतही फरक दिसला. सगळंच भरून आलं नाही. लक्ष एकवटायच्या अडचणी पुष्कळशा राहिल्या. पण मला सांगायचा तपशील वेगळाच आहे. ती घरं फुकट 'माया' देत नव्हती. सांभाळणाऱ्यांना त्या कामाचे पैसे मिळत होते आणि अडलं तर विचारायला सामाजिक कार्यकर्त्या होत्या. माया टिकायला पगार लागतो, सोबत लागते.

हे आपल्या अंगणवाडीला लावून बघा. ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी १९४५ पासून बोर्डीला आणि नंतर कोसबाडला जे उभं केलं, त्याचं मर्म हेच होतं की मूल शाळेत येत नसेल तर शाळा मुलाच्या अंगणात जाईल. 'अंगणवाडी' हा शब्द तिथला. १९७५ मध्ये एकात्मिक बालविकास योजना आली आणि तो शब्द देशभर गेला. पण ज्या सहा वर्षांवर सगळं अवलंबून आहे असं शास्त्रज्ञ घसा कोरडा करून सांगतात, ती ज्या बाईकडे सोपवली तिला पगार नाही, मानधन! सेविका-मदतनीस ग्रॅच्युइटीला पात्र आहेत, हे सांगायला सर्वोच्च न्यायालयाचा २०२२ चा निकाल लागला.

पाळणाघराचाही हिशेब तसाच. १९४८ च्या कारखाने कायद्यात पाळणाघर हवं की नको हे कारखान्यात बाया किती यावर ठरायचं. पुरुष हजार असोत, त्यांना मुलं नसतातच असं समजायचं! २०१७ मध्ये प्रसूती लाभ कायद्यात दुरुस्ती झाली तेव्हा पन्नास कर्मचारी, मग बाया असोत की पुरुष, असं मोजायला सुरुवात झाली. एवढं कळायला एकोणसत्तर वर्षं गेली. आणि हेही कागदावर. बांधकामावर, फडावर, घरकामात त्यातलं काय पोचतं ते तुम्ही जाणता.

आता कामाचं. मूल बोलत नसेल, नजर देत नसेल, झटके येत असतील, तर 'होईल मोठं झाल्यावर' म्हणून थांबू नका. २०१३ पासून राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाची पथकं अंगणवाडीत वर्षातून दोनदा यायला हवीत. येत नसतील तर तारीख विचारा, लेखी विचारा. पुढच्या तपासणीसाठी जिल्हा पातळीवर केंद्रं आहेत. ऐकू येतं का ही तपासणी आधी; न बोलणाऱ्या कितीतरी मुलांना मुळात ऐकूच येत नसतं. आणि तिथे जाताना बापाला बरोबर न्या. रोजगार बुडतो म्हणेल. बाईचाही बुडतोच.

शेवटी आपल्या केंद्रांतला तो माहिती-अर्ज. मी काल पुन्हा वाचला. आईचं वय, शिक्षण, गरोदरपणातले आजार, प्रसूती, दूध किती महिने पाजलं, नोकरी करते का, असे एकवीस प्रश्न आईबद्दल. वडिलांबद्दल तीन : नाव, व्यवसाय, मासिक उत्पन्न. घरात पाणी किती लांबून आणतात, रात्री मूल कुणाजवळ झोपतं, दारू कोण पितं, आईवर हात कोण उगारतं, मूल कुणाला बघून हसतं, यातला एकही प्रश्न नाही. अर्जाच्या प्रती मागच्या टेबलावर ठेवल्या आहेत. चहानंतर गटांत बसाल तेव्हा एकेक घ्या आणि खोडायला सुरुवात करा. पेन्सिल नको, पेन घ्या.